काळाचे कारागीर

गेल्या उन्हाळ्याच्या सुटीतील गोष्ट. नांदेडच्या आमच्या घरी दुपारची जेवणे आटोपून वडीलधारी मंडळी वामकुक्षी करीत होती, सुना स्वयंपाकघर आवरीत होत्या, आणि मी ओसरीवर पंचांग उघडून धाकट्या नातवाच्या मुंजीचे मुहूर्त पाहत बसलो होतो. इतक्यात थोरली नात हातात एक पुस्तक घेऊन आली व माझ्याजवळ बसत म्हणाली, "आजोबा, ह्या गोष्टीतला शास्त्रज्ञ एका यंत्रात बसतो आणि पाहिजे त्या सालात जाऊन येतो. असले यंत्र आपल्याकडे कोणी केले होते का?"

मी हसून म्हणालो, "केले होते, पण त्यात बसता येत नसे." तिचे समाधान झाले नाही, व ते होऊ नये हेच बरे. लगेच तिने दुसरा प्रश्न केला, "बरे, तुम्हाला बसता आले असते, तर तुम्ही कोणत्या दिवशी गेला असता?"

पहिल्या प्रश्नाचे उत्तर देण्यात आमच्या आठ दुपारी आनंदात गेल्या. दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर मात्र मी त्या वेळी दिले नाही. दोन्ही उत्तरे आज ह्या मासिकाच्या वाचकांपुढे ठेवीत आहे.

कथेतील यंत्र

कालप्रवासाचे यंत्र कल्पनेने घडवून जगभर प्रसिद्ध करणारे ग्रंथकार म्हणजे इंग्रज लेखक एच्. जी. वेल्स. त्यांची कादंबरी १८९५ साली निघाली. तीतील संशोधकाला लेखकाने नावच दिलेले नाही. तो केवळ 'कालप्रवासी' आहे. परंतु यंत्र नसले तरी कालप्रवासाची कल्पना आपल्या घरांतील आजीबाईंस नवी नाही. भागवतात कुशस्थलीच्या ककुद्मी राजाची कथा आहे. आपली कन्या रेवती हिला वर कोणता पाहावा हे विचारण्यासाठी तो तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तेथे गायन चालू होते, म्हणून तो क्षणभर थांबला. गायन संपल्यावर ब्रह्मदेव हसून म्हणाले, की तू मनात योजिलेले वर, त्यांचे पुत्र आणि नातू, सारे केव्हाच काळाच्या पोटात गेले. पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे लोटली आहेत. पुढे रेवती बलरामास दिली.

ह्या कथेवरून आपल्या पूर्वजांस सापेक्षतावाद ठाऊक होता असे म्हणणारे लोक भेटतात. त्यांच्याशी मी सहमत नाही. कथा ही कथा आहे आणि गणित हे गणित आहे. वेगाने व गुरुत्वाकर्षणाने घड्याळांची गती बदलते हे विसाव्या शतकात समीकरणांनी सिद्ध झाले व प्रयोगांनी पडताळले गेले. मार्ग दाखविणाऱ्या उपग्रहांवरील घड्याळे पृथ्वीवरील घड्याळांच्या मानाने दररोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात, व तेवढी दुरुस्ती केल्यावाचून ते उपग्रह आपणास योग्य रस्ता दाखवू शकत नाहीत.

मराठीत कालप्रवासाची गोडी लावणारे ग्रंथकार म्हणजे डॉ. जयंत विष्णु नारळीकर. कोल्हापुरास १९३८ साली जन्मलेले आणि पुण्यास २० मे २०२५ रोजी दिवंगत झालेले हे खगोलशास्त्रज्ञ 'टाईम मशीनची किमया' सारखी कादंबरी लिहीत, आणि काळ एकाच दिशेने का वाहतो ह्या प्रश्नावर फ्रेड हॉईल ह्यांच्यासह गंभीर संशोधनही करीत. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेस त्यांनी 'कृष्णविवर' ही कथा पाठविली, ती 'नारायण विनायक जगताप' ह्या टोपणनावाने. वाचकांनी आद्याक्षरे ताडून पाहावीत. ज, वि, ना ही अक्षरे उलट क्रमाने मांडली की ना, वि, ज होतात. ही गंमत नातीने चटकन ओळखली. मी तिला म्हणालो, "असा उलटा खेळ आपल्या गोदातीरी पाचशे वर्षांपूर्वी एका ज्योतिष्याने फार मोठ्या प्रमाणावर खेळून ठेवला आहे. पण त्याच्याकडे जाण्यापूर्वी काळ मोजावयाचे भांडे पाहू."

तांब्याचे भांडे

ज्यांच्या घरी जुन्या पद्धतीने लग्ने झाली आहेत त्यांनी घटिकापात्र पाहिले असेल. अर्धगोल आकाराचे तांब्याचे हलके पात्र, बुडाशी बारीक छिद्र, खाली पाण्याने भरलेले घंगाळ. पात्र पाण्यावर सोडले की छिद्रातून पाणी वर येऊ लागते, आणि भरताच ते बुडते. एक बुडी म्हणजे एक घटिका, आपल्या घड्याळाची २४ मिनिटे. साठ बुड्यांचे एक अहोरात्र. घटिकेची साठ पळे, पळाचे सहा प्राण. आणि प्राण म्हणजे दहा गुरू अक्षरे उच्चारण्यास लागणारा वेळ, सुमारे चार सेकंद. अहोरात्रात असे २१,६०० प्राण होतात, आणि वर्तुळाच्या कलाही २१,६०० च. माणसाचा श्वास आणि आकाशाचे वर्तुळ असे एका मापात बसविणाऱ्यांस मी काळाचे कारागीर म्हणतो.

जुन्या ग्रंथांत ह्या पात्राचे वजन, उंची, व्यास आणि छिद्र पाडावयाच्या सोन्याच्या सुईची लांबीदेखील दिलेली आढळते. परंतु भास्कराचार्यांनी मापांच्या ह्या काटेकोरपणापेक्षा परीक्षेस अधिक मान दिला. पात्र कोणतेही घ्या. अहोरात्रात ते किती वेळा बुडते ते मोजा, म्हणजे एका बुडीचा काळ निघेल. शास्त्रात लिहिले आहे तसे भांडे केले म्हणून वेळ बरोबर, असे नव्हे; आकाशाशी ताडून पाहिले म्हणून ती बरोबर. माझ्या मते पुढील सर्व कथेचे बीज ह्या विचारात आहे.

भास्कराचार्यांची कन्या लीलावती हिच्या विवाहसमयी मोती निखळून छिद्रात अडकला, पात्र बुडालेच नाही, आणि मुहूर्त टळला, ही कथा सर्वश्रुत आहे. ती फैजीने १५८७ साली केलेल्या लीलावतीच्या फारसी भाषांतरात येते, जुन्या संस्कृत टीकांत नव्हे. तेव्हा तिला इतिहास मानू नये. पण ती टिकून राहिली हे मात्र साहजिक आहे. कारण अडकलेला मोती मागाहून काढता येतो, गेलेली घटिका परत आणता येत नाही, हे दुःख प्रत्येक घरास ठाऊक असते.

पाथरीचे पितापुत्र

नांदेडहून गोदेच्या प्रवाहाविरुद्ध वर जाऊ लागले म्हणजे परभणी जिल्ह्यात पाथरी लागते. संस्कृत ग्रंथांतील पार्थपूर ते हेच, असे विद्वान मानतात. येथे नागनाथांचे पुत्र ज्ञानराज ह्यांनी शके १४२५ च्या, म्हणजे इ. स. १५०३ च्या सुमारास 'सिद्धान्तसुन्दर' हा ग्रंथ रचला. ग्रहांचे गणित, पृथ्वीचा गोल, वेध घेण्याची यंत्रे, आणि ह्यांच्या जोडीला ऋतूंचे रसाळ वर्णनही त्यात आहे. ज्या ग्रंथात ग्रहणाचे गणित आहे त्यातच वसंताचे वर्णन यावे, ह्यात त्या काळच्या विद्येचे वैभव दिसते.

सिद्धान्तग्रंथ म्हणजे काय हे नातीस समजावताना मला तिच्या गोष्टीतील यंत्राचाच उपयोग झाला. ज्योतिषी पहिल्याने 'अहर्गण' काढतो, म्हणजे एका ठरलेल्या आरंभापासून इष्ट दिवसापर्यंत किती दिवस झाले त्याची मोजणी करतो. ती संख्या हाती आली, की सूर्य, चंद्र व ग्रह त्या दिवशी कोठे असतील ते गणिताने निघते. दिवस मागचा घ्या वा पुढचा घ्या, रीत एकच. ज्ञानराजांसारखा माणूस ओसरीवर बसून खडूने आकडे मांडी, आणि हजार वर्षांपूर्वीच्या ग्रहणापाशी अथवा नातवाच्या नातवाच्या काळातील ग्रहणापाशी जाऊन पोहोचे. त्याचे शरीर पाथरीतच राही; जाई ते केवळ गणित. "हेच ते बसता न येणारे यंत्र," मी तिला म्हणालो.

ज्ञानराजांना दोन विद्वान पुत्र झाले, चिंतामणी आणि सूर्य. चिंतामणींनी पित्याच्या ग्रंथावर टीका लिहिली. सूर्य दैवज्ञांनी भास्कराचार्यांच्या बीजगणितावर १५३८ साली 'सूर्यप्रकाश' व लीलावतीवर १५४१ साली 'गणितामृतकूपिका' ह्या टीका लिहिल्या. पुढे कोलब्रुक ह्या इंग्रज पंडिताने १८१७ साली भास्करीय गणिताचे इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध केले, तेव्हा त्याने ज्या टीकाकारांचे साहाय्य घेतले त्यांत आमचे हे पाथरीकर होते.

परंतु सूर्य दैवज्ञांची खरी कमाल 'रामकृष्णविलोमकाव्या'त आहे. काव्य लहानसेच आहे. त्यातील श्लोक डावीकडून उजवीकडे वाचला तर रामकथा, आणि तीच अक्षरे शेवटाकडून आरंभाकडे वाचली तर कृष्णकथा! सरळ वाचावे तर त्रेतायुग, उलट वाचावे तर द्वापर. ज्यांनी संस्कृतात चार श्लोक जुळविण्याचा प्रयत्न केला आहे त्यांनाच ह्या श्रमांची कल्पना येईल. मी स्वतः एकदा एकाच चरणाचा असा यत्न करून पाहिला, आणि तीन दिवसांनी पाटी पुसून टाकली.

ज्याचा जन्म अहर्गण मोजण्यात गेला त्यालाच अक्षरे उलट चालविण्याची हौस वाटावी, ह्याचे मला नवल वाटत नाही. गणितात काळ दोन्ही दिशांनी चालतो. काव्यातही तो तसा चालवून पाहावा, असे त्याच्या मनात आले असावे. जगण्यात मात्र काळास एकच दिशा असते.

आकाश चुकत नाही

येथे एका गैरसमजाचा उल्लेख करणे अवश्य आहे. नांदेडचे जुने नाव नंदिग्राम असे सांगतात, आणि 'ग्रहलाघव'कार गणेश दैवज्ञ हेही नंदिग्रामचे. त्यामुळे ते आमच्याच गावचे, असे वाटणे सोपे आहे. पण त्यांचे नंदिग्राम म्हणजे कोकणातील मुरुड-जंजिऱ्याजवळचे नांदगाव. दुसऱ्याच्या गावचा थोर पुरुष आपला म्हणून सांगू नये. विशेषतः आपल्या शेजारी पाथरी असताना तशी गरजही नाही. गोदातीरीच्या गोलग्रामचे दिवाकर दैवज्ञ मात्र ह्याच गणेशांचे शिष्य होते. त्यांचे वंशज काशीस गेले, व त्या कुळातील कमलाकरांनी तेथे १६५८ साली 'सिद्धान्ततत्त्वविवेक' लिहिला.

गणेश दैवज्ञांचे वडील केशव दैवज्ञ हे स्वतः आकाशाचे वेध घेत, आणि ग्रंथातील ग्रह व आकाशातील ग्रह जुळत नसतील तर तसे स्पष्ट लिहीत. गणेशांनी १५२० साली ग्रहलाघव रचताना ज्या ग्रहाचे गणित ज्या मताने आकाशाशी जुळे त्याचे तेथून घेतले, आणि ज्या, त्रिज्या, कोटिज्या हा सारा खटाटोप टाळून सोपी रीत दिली. अहर्गणाचे ओझेही त्यांनी हलके केले. शकातून १४४२ वजा करावेत, बाकीस अकराने भागावे. भागाकार तितकी 'चक्रे', शेष तितकी वर्षे. शके १९४७ घेतले तर बाकी ५०५, म्हणजे ४५ चक्रे आणि वर १० वर्षे. एवढे नातीनेही तोंडी केले.

जुन्या गणितास निरीक्षणावरून जी दुरुस्ती द्यावयाची तिला 'बीजसंस्कार' म्हणतात. ह्या शब्दाचा अर्थ मला १६ फेब्रुवारी १९८० रोजी कळला. शके १९०१ ची माघी अमावास्या होती. अंकोला, रायचूर, पुरी ह्या मार्गाने खग्रास सूर्यग्रहण होते, आणि आमच्या बाजूस सूर्याचा पुष्कळसा भाग झाकला जाणार होता. मी नुकताच मॅट्रिक होऊन एका वृद्ध गुरुजींकडे संस्कृत शिकत होतो. गुरुजींनी ग्रहलाघवावरून पाटीवर स्पर्शकाळ काढला होता. गल्लीतील दारे-खिडक्या बंद झालेल्या. आम्ही दोघे अंगणात एका पुठ्ठ्यास छिद्र पाडून सूर्याची प्रतिमा पांढऱ्या कागदावर पाडीत होतो. प्रतिमेस कोर पडली, गुरुजींनी घड्याळ पाहिले, पाटी पाहिली. दोहोंत चांगलाच फरक होता. मला वाटले, आता गुरुजी घड्याळास दोष देतील. ते शांतपणे म्हणाले, "आकाश चुकत नसते, बाळा. चुकतो तो आपला आकडा. साडेचारशे वर्षांत कोणी तो पुसून नीट केला नाही, हा दोष गणेश दैवज्ञांचा नव्हे, आपला."

हाच वाद पुढे आपल्या घराघरांत शिरला होता, हे वाचक जाणतातच. केरूनाना छत्रे ह्यांनी शके १७८७ पासून, म्हणजे १८६५ पासून, नव्या वेधांस धरून पंचांग काढण्यास आरंभ केला. तेच पटवर्धनी पंचांग. लोकमान्य टिळकांनी पंचांगशोधनाचा पक्ष घेतला. पेशाने शिक्षक असलेले शंकर बाळकृष्ण दीक्षित ह्यांनी १८९६ साली 'भारतीय ज्योतिषशास्त्र' हा अजोड ग्रंथ प्रसिद्ध केला, व त्यातच पाथरीच्या ह्या कुळाची ओळख मला प्रथम झाली. एकाच वाड्यातील दोन भावांची दोन पंचांगे आणि म्हणून एकादशी दोन दिवशी, असा प्रकार कित्येकांनी अनुभवला आहे. वडिलांचे पंचांग सोडणे म्हणजे वडिलांस खोटे ठरविणे, असे लोकांस वाटे. वास्तविक ज्या पूर्वजांच्या नावाने आपण हट्ट धरतो, ते स्वतः आकडा पुसून नवा मांडणारे होते.

लातूरची घटिका

काळ ठरविण्याचा अधिकार कोणाचा, हा प्रश्न आमच्या मराठवाड्यात आणखी एका रीतीने उभा राही. आमच्या जुन्या दप्तरात आजोबांच्या हातची एक पावती आहे. तीवर 'फसली १३५०, माहे आजूर' असे लिहिले असून खाली बारीक अक्षरांत शक व तिथी आहे. निजामाच्या राज्यात सरकारी वर्ष फसली असे व ते ऑक्टोबरात सुरू होई. फसली सनात ५९० मिळविले म्हणजे ठोकळमानाने इसवी सन येतो. देवघरात शक, कचेरीत फसली, आणि आगगाडीच्या स्थानकावर इंग्रजी तारीख, अशा तीन काळांत आमच्या वडीलमंडळींचा दिवस जाई. सप्टेंबर १९४८ मध्ये संस्थान भारतात सामील झाले, आणि पुढे फसलीचा व्यवहार मावळला. २२ मार्च १९५७ पासून चैत्र १, शके १८७९ ह्या दिवशी भारत सरकारने राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू केली. पण ती सरकारी कागदांवरच अधिक राहिली.

घड्याळाचेही तसेच. भारताची प्रमाणवेळ १ जानेवारी १९०६ पासून सुरू झाली. ती ८२॥ पूर्व रेखांशाची आहे. मुंबईची स्वतःची वेळ तीहून ३९ मिनिटे मागे, म्हणून मुंबईकरांनी तिला पुष्कळ वर्षे विरोध केला, आणि तेथील नगरपालिकेने १९५५ पर्यंत आपली वेळ जपली. आता आपल्या गावांचे पाहा. रेखांशाच्या प्रत्येक अंशास चार मिनिटे पडतात. ह्या हिशेबाने नांदेडची स्थानिक वेळ प्रमाणवेळेच्या सुमारे २१ मिनिटे मागे येते, आणि लातूरची सुमारे २४ मिनिटे, म्हणजे जवळजवळ बरोबर एक घटिका! लातुरास घड्याळात बारा वाजले, की सूर्य डोक्यावर येण्यास सरासरीने अजून घटिकापात्राची एक बुडी बाकी असते. लातूरच्या शाळेत मी कित्येक वर्षे ही गोष्ट भूगोलाच्या तासाला सांगत असे, आणि मुले हसत म्हणत, "मग गुरुजी, आपण सगळे एक घटिका आधीच शाळेत आलो की!"

जे गणितात बसत नाही

त्या मुलांपैकी एकाची गोष्ट सांगितल्यावाचून नातीच्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर पुरे होत नाही.

१९९३ चा भाद्रपद महिना. नववीतील एक मुलगा माझ्याकडे रजेचा अर्ज घेऊन आला. तो किल्लारीच्या बाजूच्या एका खेड्यातला. शिक्षणासाठी लातुरास मामांकडे राहत असे. २९ सप्टेंबरला अनंत चतुर्दशी होती, आणि गावच्या गणपतीच्या मिरवणुकीत त्याला झांज वाजवावयाची होती. त्याने एकच दिवसाची रजा मागितली होती. म्हणजे संध्याकाळच्या मोटारीने त्याला परत निघावे लागले असते. मला वाटले, मुलगा गुणी आहे, मिरवणूक रात्रीपर्यंत चालेल, त्याचा विरस का करावा? मी 'एक' खोडून 'दोन' केले आणि खाली सही केली. तो वाकून नमस्कार करून गेला.

३० सप्टेंबरच्या पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी भूकंप झाला. मिरवणुकीहून दमून आलेली गावेच्या गावे झोपेत होती. किल्लारी, सास्तूर आणि आसपासची गावे कोसळली. सुमारे दहा हजार माणसे गेली. त्यांत तो मुलगा होता. त्याचा अर्ज आमच्या कपाटातील फाइलीत पुढे वर्षभर होता, आणि त्यावर माझ्या हातची खाडाखोड होती.

पोरी, मी कोणत्या दिवशी गेलो असतो, हे तू विचारलेस. त्या दिवशी गेलो असतो. 'एक'चा 'एक'च राहू दिला असता.

ह्या गोष्टीनंतर मला कित्येकांनी सांगितले, की त्याच्या पत्रिकेतच ते असेल. हे सांत्वन मी स्वीकारले नाही. चंद्राची सावली कोठे पडेल हे गणित सांगते, कारण चंद्राची गती नियमित आहे व ती मोजलेली आहे. भूमीच्या पोटात खडक कोणत्या घटिकेस तुटेल हे आजही कोणी सांगू शकत नाही. आणि माणसाचे उद्या काय होईल, हे तर त्याहून नाही. २००८ साली नारळीकरांनी पुण्यात एक परीक्षा घेतली होती. हुशार मुलांच्या आणि मतिमंद मुलांच्या पत्रिका एकत्र करून कोणती कोणाची हे ज्योतिष्यांस विचारले. सत्तावीस ज्योतिष्यांनी उत्तरे दिली, आणि बरोबर आलेल्या उत्तरांचे प्रमाण ४६ टक्के भरले. नाणे उडवूनही तितकेच भरले असते. ग्रहलाघवावर माझी भक्ती आहे, आणि त्या भक्तीस ह्याने बाध येत नाही. गणित कोठपर्यंत चालते आणि कोठे थांबते हे जो जाणतो, तोच खरा गणिती.

परंतु काहीच सांगता येत नाही म्हणून काहीच करता येत नाही, असे मात्र नव्हे. १९९२ साली त्या भागात लहान धक्के बसले होते. घरे होती जाड दगडी भिंतींची, मातीत रचलेली, आणि वर माळवदाचा जड मातीचा थर. माणसे भूकंपाने गेली त्यापेक्षा अधिक त्या भिंतींनी आणि त्या मातीने गेली. भूकंपाच्या धोक्याच्या नकाशात हा प्रदेश तोपर्यंत सर्वांत सुरक्षित, पहिल्या विभागात रंगविलेला असे. २००२ साली तो नकाशा सुधारून लातूरचा तो भाग तिसऱ्या विभागात घातला गेला. पाटीवरचा आकडा पुसून नवा मांडला. गुरुजी असते तर ह्यालाही त्यांनी बीजसंस्कार म्हटले असते. फक्त तो करण्यासाठी दहा हजार माणसांची किंमत पडली. पुढे २१ मार्च २०२४ च्या सकाळी हिंगोलीकडे उगम पावलेला ४.५ मापाचा धक्का आम्हांस नांदेडातही जाणवला, आणि घरातील सारी मंडळी अंगणात आली. मी प्रथम भिंतींकडे पाहिले. ती सवय आता जन्माची आहे.

उलट वाचता येत नाही म्हणून

वाचकांपैकी पुष्कळांचे गावाकडे वडिलोपार्जित वाडे असतील. त्यांस हात जोडून विनंती, की पुढच्या खेपेस गावी जाल तेव्हा कुळधर्माबरोबर एवढे करावे. माळवदावर दरवर्षी चढविलेला मातीचा थर जाणकाराकडून उतरवून हलका करावा. दगडी भिंतीची आतली व बाहेरची बाजू एकमेकींस बांधणारे आरपार दगड आहेत की नाहीत ते पाहावे. नसतील तर बसवून घ्यावे. दारांच्या वरच्या अंगास चारी भिंतींतून सलग फिरणारी पट्टी घालून घ्यावी. खर्च मुंजीच्या मांडवाहून फार नाही, आणि पुण्य कमी नाही.

आणि मुलांच्या हाती काळ द्यावा. आम्ही आमच्या अंगणात एक शंकू रोविला आहे. सपाट जमिनीवर हातभर लांबीची सरळ काठी उभी करावी, तिच्या बुडाभोवती वर्तुळ काढावे. सकाळी सावलीचे टोक वर्तुळात शिरते तेथे खूण करावी, दुपारनंतर बाहेर पडते तेथे दुसरी. दोन खुणा जोडल्या की पूर्वपश्चिम रेषा मिळते. सावली सर्वांत आखूड होते तो आपल्या गावचा खरा माध्यान्ह. लातुरास तो सरासरीने १२ वाजून २४ मिनिटांनी, नांदेडास १२ वाजून २१ मिनिटांनी येतो. फेब्रुवारीच्या मध्यास ह्याहून सुमारे १४ मिनिटे उशिरा, नोव्हेंबरच्या आरंभी सुमारे १६ मिनिटे लवकर. मुलांनी वर्षभर नोंद ठेवली तर हा फरक त्यांना कोणी शिकवावा लागणार नाही.

सुटी संपण्याच्या आदल्या दिवशी नात वहीत सावलीची नोंद करीत असता मी तिला त्या मुलाची गोष्ट सांगितली. ती बराच वेळ काही बोलली नाही. मग तिने विचारले, "आजोबा, त्याचे नाव काय होते?" मी सांगितले. तिने वहीच्या पहिल्या पानावर ते लिहिले, खाली तारीख घातली, आणि पुन्हा सावलीकडे पाहू लागली.